घरच्या घरी चेपलेले कुरकुरीत बटाटे: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लहान बटाटे सालीसकट उकडायचे, चेपून चपटे करायचे, तेल लावायचे आणि कडा खरपूस होईपर्यंत भाजायचे, एवढीच या पदार्थाची कृती आहे. तरीही पहिल्या प्रयत्नात अनेकांच्या ताटात मऊ, दमट आणि किंचित वातड बटाटे येतात आणि दोष तापमानाला किंवा तेलाला दिला जातो. खरे कारण बहुतेक वेळा बटाट्यात आणि बटाट्यावर राहिलेले पाणी असते. म्हणूनच खालील प्रश्न वेगवेगळे असले तरी उत्तरे पुन्हा पुन्हा पाणी आणि वाफ यांच्याकडे वळतात.

चेपलेले बटाटे आणि भाजलेल्या फोडी यांत फरक काय?

सुरीने कापलेल्या फोडीला गुळगुळीत बाजू असतात. बटाटा चेपला की तो कापला जात नाही, फाटतो. साल चिरते, आतला गर वेडावाकडा बाहेर येतो आणि प्रत्येक कडेला बारीक कंगोरे, भेगा आणि टोके तयार होतात. त्यामुळे तेवढ्याच बटाट्याचा कितीतरी जास्त पृष्ठभाग तेलाच्या आणि उष्णतेच्या संपर्कात येतो. हे पातळ कंगोरे लवकर वाळतात व कुरकुरीत होतात, तर मधला जाड भाग मऊ राहतो. एकाच घासात या दोन्ही गोष्टी मिळणे हे या पदार्थाचे खरे सुख आहे आणि पुढची सगळी काळजी त्यासाठीच घ्यायची आहे.

एक किलो बटाट्यांसाठी संपूर्ण कृती थोडक्यात सांगता येईल का?

साधारण सारख्या आकाराचे एक किलो लहान बटाटे धुऊन सालीसकट पातेल्यात घ्यावेत, ते बुडून वर दोन बोटे राहील इतके थंड पाणी घालावे आणि लिटरमागे सुमारे 10 ग्रॅम मीठ टाकावे. पाण्याला उकळी आल्यावर आच कमी करून बटाटे 20 ते 25 मिनिटे, सुरी सहज आत जाईपर्यंत शिजवावेत. मग ते चाळणीत निथळून 10 मिनिटे उघडे ठेवावेत. दरम्यान ओव्हन 220 अंश सेल्सिअसपर्यंत तापवावा. ट्रेला दोन मोठे चमचे तेल लावून बटाटे अंतर ठेवून मांडावेत, प्रत्येक बटाटा सुमारे सव्वा सेंटिमीटर जाडीचा होईपर्यंत चेपावा आणि पुन्हा पाच-दहा मिनिटे वाफ जाऊ द्यावी. त्यानंतर वरून आणखी दोन मोठे चमचे तेल सोडून 40 ते 45 मिनिटे भाजावे. मीठ, लसूण आणि इतर सारे शेवटी घालावे. एवढ्याने चार जणांचे पोट भरते. या कृतीतील कोणता टप्पा का महत्त्वाचा आहे, हे पुढे पाहू.

कोणत्या प्रकारचा बटाटा घ्यावा?

ढोबळमानाने बटाट्यांचे दोन प्रकार मानता येतात. पिठूळ बटाट्यात स्टार्च जास्त आणि पाणी कमी असते. तो शिजला की मोकळा, भुसभुशीत होतो. चिकण बटाट्यात स्टार्च कमी असतो, तो शिजूनही आकार धरून राहतो आणि कापला तर ओलसर, तुकतुकीत दिसतो. चेपण्यासाठी चिकण किंवा या दोहोंच्या मधला बटाटा सोयीचा, कारण तो दाबल्यावर फुलासारखा पसरतो, पण सुटा होत नाही. पिठूळ बटाटा जास्त कुरकुरीत होतो हे खरे असले तरी तो चेपताना भुगा होण्याची भीती असते.

आपल्याकडचा बटाटा कोणत्या प्रकारचा आहे हे ठाऊक नसेल, तर एक जुनी आणि भरवशाची परीक्षा आहे. एक वाटी मीठ अकरा वाट्या पाण्यात विरघळवून त्यात कच्चा बटाटा सोडावा. पिठूळ बटाटा घनतेने जड असल्यामुळे तळाशी जातो आणि चिकण बटाटा तरंगतो.

आकार मात्र प्रकारापेक्षाही महत्त्वाचा आहे. चार ते पाच सेंटिमीटर व्यासाचा बटाटा चेपला की तळहाताएवढी सुबक चकती होते. सगळे बटाटे एकाच मापाचे असावेत, नाहीतर लहान फुटतात आणि मोठे कच्चे राहतात.

फक्त मोठे बटाटे असतील तर?

चालतील. त्यांचे दोन किंवा चार तुकडे करून उकडावेत आणि चेपताना कापलेली बाजू खाली ठेवावी, म्हणजे सालीचा आधार वरून मिळतो. तुकड्यांमध्ये पाणी जास्त शिरते, त्यामुळे निथळून वाळवण्यासाठी पाच मिनिटे अधिक द्यावीत.

साल काढावी का?

काढू नये. चेपलेल्या बटाट्याला एकत्र धरून ठेवणारी ती एकमेव गोष्ट आहे, शिवाय भाजल्यावर तीच सर्वांत आधी कडक होते. सालीवरची माती मात्र नीट घासून काढावी, कारण उकडल्यानंतर ती धुण्याची सोय राहत नाही.

बटाटे थंड पाण्यात घालावेत की उकळत्या?

थंड पाण्यात. उकळत्या पाण्यात टाकलेल्या बटाट्याची बाहेरची बाजू लगेच शिजू लागते आणि आतला भाग मागे राहतो. गाभा शिजेपर्यंत बाहेरचा थर पाणी पिऊन फुगतो, साल फाटते आणि पातेल्यात गढूळ पाणी व सैल बटाटे एवढेच हाती लागते. थंड पाण्यापासून सुरुवात केली की उष्णता सावकाश आणि सारखी आत पोहोचते.

याला आणखी एक कारण आहे. वनस्पतीच्या पेशी एकमेकींना पेक्टिन नावाच्या पदार्थाने चिकटलेल्या असतात. पाणी 55 ते 65 अंशांच्या टप्प्यातून हळूहळू जात असताना बटाट्यातील एक विकर (एन्झाइम) हे पेक्टिन अधिक घट्ट करते आणि पुढे उकळी आली तरी बाहेरच्या थराला आकार टिकवणे सोपे जाते. चेपताना बटाटा पसरावा पण तुटू नये, अशी आपली अपेक्षा असते. त्या दृष्टीने हा सावकाश टप्पा वाया गेलेला वेळ नव्हे.

उकळी आल्यावर आच कमी करावी. खळखळ उकळणाऱ्या पाण्यात बटाटे एकमेकांवर आपटतात आणि सोलले जातात.

पाण्यात मीठ घालणे आवश्यक आहे का? आणि खाण्याचा सोडा?

मीठ घालावेच. वरून भुरभुरलेले मीठ फक्त पृष्ठभागावर राहते. गराला चव यायची असेल तर ती उकडतानाच येते. साल अखंड असल्यामुळे मीठ फार आत जात नाही, म्हणून पाणी चांगले खारट असावे. लिटरला 10 ग्रॅम हे प्रमाण मला योग्य वाटते.

सोड्याबद्दल मात्र माझे मत सावध आहे. सोड्याने पाणी अल्कधर्मी होते, त्यात पेक्टिन लवकर विरघळते आणि पृष्ठभागावर पिठाळ लेप तयार होतो. भाजताना तो लेप छान कुरकुरतो. सोललेल्या, कापलेल्या फोडींसाठी ही युक्ती उत्तम आहे आणि दोन लिटर पाण्याला अर्धा छोटा चमचा सोडा पुरतो. अखंड, सालीसकट बटाट्यात मात्र गर पाण्याला लागतच नाही. सोड्याने फक्त साल सैल होते, आणि ती तर आपल्याला हवी आहे. म्हणून मी या पदार्थात सोडा घालत नाही. उलट हाताशी फारच पिठूळ बटाटे असतील, तर पाण्यात एक मोठा चमचा व्हिनेगर घालावे. आम्लामुळे पेक्टिन टिकून राहते आणि बटाटे विरघळत नाहीत. शिजायला थोडा वेळ जास्त लागतो, एवढेच.

प्रेशर कुकरमध्ये उकडले तर चालते का?

चालते, पण बेताने. कुकरमध्ये तापमान 100 अंशांच्या बरेच वर जाते आणि लहान बटाटे पाहता पाहता जास्त शिजतात. बटाटे थेट पाण्यात न ठेवता, तळाशी थोडे पाणी घालून त्यावर जाळीच्या भांड्यात ठेवावेत, म्हणजे ते वाफेवर शिजतील आणि पाणी कमी पितील. एक-दोन शिट्ट्या पुरे होतात. कुकर थंड होण्याची वाट पाहत बटाटे आत बसून राहतात व शिजतच राहतात, हे विसरू नये. वाफेवर शिजवलेल्या बटाट्यांत मीठ मुरत नाही, तेव्हा शेवटी थोडे जास्त भुरभुरावे.

बटाटे नेमके किती शिजवावेत?

बारीक सुरीचे टोक मध्यापर्यंत अडथळ्याविना गेले पाहिजे आणि सुरी वर उचलली की बटाटा आपोआप निसटून खाली पडला पाहिजे. बटाटा सुरीला धरून राहिला तर तो अजून कच्चा आहे. कच्चट बटाटा चेपताना पसरत नाही, फटकन दोन तुकडे होतो. येथे घाई करण्यापेक्षा दोन मिनिटे जास्त दिलेली बरी, मात्र साली जागोजागी उलू लागल्या तर लगेच उतरवावे.

निथळल्यावर लगेच चेपून ओव्हनमध्ये का घालू नयेत?

या सगळ्या प्रकरणाचे मर्म या प्रश्नात आहे, म्हणून उत्तर थोडे विस्ताराने देतो.

कच्च्या बटाट्याच्या वजनाचा सुमारे चार पंचमांश भाग पाणीच असते. उकडताना त्यावर बाहेरचे पाणी चढते. आता हा ओला बटाटा 220 अंशांच्या ओव्हनमध्ये ठेवला, तरी त्याच्या पृष्ठभागावर जोपर्यंत पाणी आहे तोपर्यंत तेथील तापमान 100 अंशांच्या फारसे वर चढत नाही. येणारी सगळी उष्णता पाण्याची वाफ करण्यात खर्च होते. खरपूस रंग आणि चव देणारी मेलार्ड अभिक्रिया, जिचे वर्णन फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई-कामिय मेलार्ड यांनी 1912 मध्ये केले, ती जोमाने सुरू व्हायला साधारण 140 अंश लागतात. म्हणजे पाणी जाईपर्यंत बटाटा भाजला जात नसतो, तो ओव्हनमध्ये पुन्हा उकडत असतो. ओव्हनची पहिली 15 मिनिटे अशी वाया गेली की पुढे कडा करपतात आणि मध्य तरीही दमट राहतो.

हे पाणी फुकटात घालवण्याची संधी बटाटे गरम असतानाच असते. पातेल्यातून काढलेल्या बटाट्यात भरपूर उष्णता साठलेली असते आणि तीच उष्णता सालीवरचे पाणी उडवते. फक्त वाफेला वाट मोकळी हवी. बटाटे चाळणीत निथळले की ती चाळणी रिकाम्या, गरम पातेल्यावर ठेवावी किंवा बटाटे कोरड्या ट्रेवर एका थरात पसरावेत. झाकण ठेवू नये आणि वर फडके टाकू नये. एकदा पाहुण्यांची वेळ झाली म्हणून मी बटाटे जाड फडक्यात गुंडाळून ठेवले होते. फडक्याने पाणी टिपले खरे, पण आत कोंडलेली वाफ सालीवरच परत बसली आणि त्या दिवशी तासभर भाजूनही बटाटे कुरकुरीत झाले नाहीत.

बटाट्याकडे नीट पाहिले तर तो केव्हा तयार झाला हे त्याची सालच सांगते. निथळताना ती ओली, गडद आणि चमकदार असते. पाच-सात मिनिटांत तिची चमक जाते, ती फिकट व निस्तेज होते, बारीक सुरकुत्या पडतात आणि बोट फिरवले तर कागदासारखी कोरडी लागते. तेव्हा चेपावे. चेपल्यावर पुन्हा वाफेचा एक लोट उठतो, कारण आता आतला गर उघडा पडलेला असतो. तो लोट थांबेपर्यंत तेल घालू नये. तेलाचा थर आधी बसला तर आतल्या ओलाव्याला बाहेर पडणे अवघड जाते. हे दुसरे वाळवणे बहुतेक जण टाळतात. माझ्या मते पहिल्यापेक्षाही तेच जास्त मोलाचे आहे.

कशाने चेपावे आणि किती?

सपाट बुडाची वाटी, जाड काचेचा पेला किंवा लहान पातेले, काहीही चालते. बूड गुळगुळीत असावे आणि त्याला तेलाचा हात लावावा, म्हणजे गर चिकटत नाही. चेपणे ट्रेवरच करावे. पाटावर चेपून नंतर उचलायला गेले की चकत्या मोडतात.

एका दणक्यात दाबू नये. आधी हलकेच भार द्यावा. साल एका बाजूने चिरल्याचा बारीक आवाज येतो आणि बटाटा हाताखाली सैल पडतो. मग वाटी किंचित गोल फिरवत दाब वाढवावा. अशा दाबाने कडा चहूबाजूंनी सारख्या पसरतात.

जाडी हा आवडीचा भाग आहे. दीड सेंटिमीटर ठेवली तर मध्य मऊ राहतो, एक सेंटिमीटरवर आणली तर बराचसा बटाटा कुरकुरीत होतो आणि त्याहून पातळ केली तर तो वेफरसारखा कडक होऊन मऊ गाभ्याचे सुख हरवते. सव्वा सेंटिमीटरच्या आसपास मला दोन्ही मिळते. चेपून झाल्यावर काट्याने वरचा गर जरा खरवडला तर आणखी कंगोरे तयार होतात.

चेपताना बटाट्याचा भुगा का होतो?

तीन कारणे संभवतात. बटाटा जास्त शिजला आहे, तो फारच पिठूळ आहे किंवा तो पूर्ण थंड झाल्यावर चेपला आहे. गार होताना शिजलेला स्टार्च पुन्हा घट्ट होतो, त्यामुळे थंड बटाटा पसरण्याऐवजी तडकतो. हाताला सोसेल इतका गरम असतानाच तो चेपावा. तरीही तुकडे झाले तर ते टाकून देऊ नयेत. ते गोळा करून चकतीला लावून पुन्हा हलके दाबावेत. भाजताना ते एकमेकांना धरतात, आणि जे सुटे राहतात ते तर सर्वांत कुरकुरीत होतात.

तेल कोणते वापरावे? लोणी किंवा तूप चालेल का?

उच्च तापमान सोसणारे कोणतेही रिफाइन्ड तेल योग्य ठरते. तूपही उत्तम, कारण त्यातील पाणी आणि दुधाचे घन पदार्थ कढवताना निघून गेलेले असतात. एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह तेल चवीला छान लागते, मात्र ते 190 ते 210 अंशांच्या आसपास धुरू लागते. ते वापरायचे असल्यास ओव्हन 200 अंशांवर ठेवून वेळ वाढवावा किंवा भाजून झाल्यावर वरून थोडे सोडावे.

लोण्याचे तसे नाही. त्यात सुमारे 16 टक्के पाणी असते, जे आपल्याला नको आहे, आणि दुधाचे घन कण असतात, जे या आचेवर काळे पडतात. लोण्याचा स्वाद हवा असेल तर शेवटच्या पाच मिनिटांत वितळवलेले लोणी ब्रशने लावावे.

प्रमाणाबद्दल सांगायचे तर किलोमागे चार मोठे चमचे, म्हणजे 60 मिलिलिटर, हा माझा अंदाज आहे. कमी तेलात बटाटा वाळतो पण कुरकुरीत होत नाही. तो चामड्यासारखा होतो. तेल भेगांत शिरून तेथे उष्णता पोहोचवते, म्हणून ते अर्धे खाली आणि अर्धे वर घालावे.

ओव्हन, ट्रे आणि बटर पेपर यांबाबत काय लक्षात ठेवावे?

ओव्हन पूर्ण तापल्यावरच ट्रे आत जावा. पंखा असलेल्या ओव्हनमध्ये 200 अंश पुरतात, कारण फिरती हवा ओलावा लवकर वाहून नेते. साध्या ओव्हनमध्ये 220 अंश ठेवावे आणि ट्रे खालच्या तिसऱ्या भागात ठेवावा, म्हणजे तळाला चांगली आच मिळते.

ट्रे धातूचा, जाड आणि कमी उंचीच्या काठांचा असावा. खोल काचेच्या भांड्यात वाफ काठांमध्ये अडकते. दोन चकत्यांमध्ये किमान दोन बोटे अंतर हवे. गर्दी केली की एका बटाट्याची वाफ शेजारच्याला भिजवते. एक किलो बटाटे एका ट्रेवर मावत नसतील तर दोन ट्रे घ्यावेत आणि मध्यावर त्यांच्या जागा बदलाव्यात.

बटर पेपरने चिकटण्याची काळजी मिटते, मात्र तळाचा कुरकुरीतपणा थोडा कमी होतो, शिवाय प्रत्येक कागदाला तापमानाची मर्यादा असते आणि ती पाकिटावर छापलेली असते. चांगला, नीट तेल लावलेला ट्रे असेल तर मी कागद टाळतो.

भाजताना बटाटे उलटावेत का?

गरज नाही. वरचे कंगोरे वरच राहिले तर ते गरम हवेत कोरडे होत राहतात आणि खालची बाजू तेलात तळल्यासारखी होते. उलटायचेच असतील तर 25 मिनिटांपूर्वी हात लावू नये. तोपर्यंत खालचा थर तयार झालेला नसतो आणि उलथण्याने तो ट्रेवरच राहतो.

झाले हे कसे ओळखायचे?

रंगाबरोबर कानही वापरावा. ओव्हनचे दार उघडल्यावर सुरुवातीला जोराचा चरचराट ऐकू येतो. तो तेलात उडणाऱ्या पाण्याचा आवाज असतो. पाणी संपत आले की तो मंदावतो आणि शेवटी अधूनमधून बारीक तडतड उरते. कडा गडद सोनेरी, मध्य फिकट सोनेरी आणि आवाज जवळजवळ शांत, अशा वेळी ट्रे बाहेर काढावा.

ट्रेला चिकटलेले बटाटे कसे सोडवावेत?

ट्रे बाहेर काढून दोन मिनिटे तसाच राहू द्यावा. पूर्ण भाजलेला थर बहुधा आपणच सुटतो. मग पातळ धारेचे उलथणे ट्रेला टेकवून, आडवे सरकवून सोडवावे. तरीही सुटत नसेल तर तो भाग अजून भाजला गेलेला नाही, असे समजून ट्रे पाच मिनिटांसाठी परत आत ठेवावा.

ओव्हन नसेल तर एअर फ्रायर किंवा तव्यावर जमेल का?

दोन्हीवर जमते. एअर फ्रायरमध्ये 200 अंशांवर 15 ते 20 मिनिटे लागतात. चकत्या एकाच थरात ठेवाव्या लागतात, त्यामुळे एका वेळी थोडेच बटाटे होतात. चेपलेला बटाटा टोपलीत ठेवताना मोडू नये म्हणून रुंद उलथणे वापरावे.

तव्यावर करायचे तर जाड बुडाचा, शक्यतो बिडाचा तवा घ्यावा. मध्यम आचेवर तीन मोठे चमचे तेल तापवून चकत्या ठेवाव्यात आणि सात-आठ मिनिटे त्यांना हलवू नये. मग उलटून दुसरी बाजू तेवढीच भाजावी. झाकण मुळीच ठेवू नये. तव्यावरचा बटाटा सपाट बाजूंना सुंदर भाजला जातो, मात्र कडांच्या कंगोऱ्यांना ओव्हनसारखी चहूकडून गरम हवा मिळत नाही, एवढी उणीव राहते.

लसूण, हिरवी पाने, मसाले आणि चीज केव्हा घालावे?

बारीक चिरलेला लसूण 220 अंशांवर काही मिनिटांत करपतो आणि कडू होतो. तो वितळलेल्या लोण्यात किंवा तेलात मिसळून शेवटच्या चार-पाच मिनिटांसाठी वरून घालावा. कोवळी पाने ओव्हनमधून काढल्यावर, रोझमेरीसारखी कडक पाने शेवटच्या दहा मिनिटांत. तिखट आणि मिरपूडही शेवटीच. किसलेले कडक चीज घालायचे असेल तर शेवटच्या आठ-दहा मिनिटांत घालावे. ते वितळून कडांभोवती जाळीसारखे पसरते आणि थंड होताना कडक होते.

सगळे केले, तरी बटाटे मऊ पडले. चूक कोठे झाली असेल?

ट्रे बाहेर काढल्यावर चकती उचलून तिचा तळ पाहावा. तळ फिकट आणि ओलसर असेल तर वाळवणे कमी पडले किंवा ट्रेवर गर्दी झाली. तळ खरपूस पण वरची बाजू मऊ असेल तर वरून तेल कमी पडले किंवा ओव्हनमध्ये वाफ कोंडली. भाजताना मध्येच एकदा दार क्षणभर उघडून वाफ जाऊ द्यावी. कडा काळ्या आणि मध्य दमट असेल तर चकत्या जाड राहिल्या किंवा जाडी असमान होती. आणि ओव्हनमधून कुरकुरीत निघालेले बटाटे ताटात मऊ पडले असतील, तर ते झाकले गेले होते किंवा एकावर एक रचले होते.

आधी तयारी करून ठेवता येते का?

येते, आणि परिणाम उलट अधिक चांगला मिळतो. बटाटे उकडून, चेपून, पूर्ण निवल्यावर ट्रेसकट फ्रिजमध्ये न झाकता ठेवावेत. फ्रिजमधील कोरडी हवा पृष्ठभागातला ओलावा शोषते आणि घट्ट झालेल्या स्टार्चमुळे चकत्या हाताळायला सोप्या होतात. दुसऱ्या दिवशी तेल लावून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये घालाव्यात आणि पाच मिनिटे जास्त द्यावीत.

उरलेले बटाटे किती दिवस टिकतात आणि पुन्हा कुरकुरीत कसे करावेत?

शिजलेले बटाटे दोन तासांहून अधिक काळ बाहेर ठेवू नयेत. बंद डब्यात फ्रिजमध्ये ते तीन-चार दिवस चांगले राहतात. पुन्हा गरम करण्यासाठी ओव्हन किंवा एअर फ्रायर 200 अंशांवर आठ-दहा मिनिटे वापरावा. मायक्रोवेव्ह आतल्या पाण्याची वाफ करून ती कुरकुरीत थरात ढकलतो, त्यामुळे तो या कामाचा नाही.

हिरवट किंवा कोंब आलेले बटाटे वापरावेत का?

साल खाल्ली जाणार असल्याने येथे जास्त दक्षता हवी. हिरवा रंग स्वतः हरितद्रव्याचा असतो व निरुपद्रवी असतो, पण तो दिसतो तेथे सोलानिनसारखी विषारी द्रव्ये वाढलेली असण्याची शक्यता असते. ती सालीजवळ आणि कोंबांत साठतात आणि उकडल्याने किंवा भाजल्याने नाहीशी होत नाहीत. लहानसा कोंब खोलवर काढून टाकता येतो. हिरवट पडलेले बटाटे मात्र या पदार्थासाठी बाजूला ठेवावेत, आणि चवीला कडू लागणारा बटाटा तर टाकूनच द्यावा.

कच्चे बटाटे फ्रिजमध्ये ठेवले तर काय बिघडते?

थंडीत बटाट्यातील काही स्टार्चचे साखरेत रूपांतर होते. असा बटाटा किंचित गोड लागतो आणि भाजताना कुरकुरीत होण्याआधीच काळपट होतो. त्याच साखरा आणि अॅस्परॅजिन हे अमिनो आम्ल 120 अंशांहून जास्त तापमानात एकत्र आले की आरोग्याला घातक मानले जाणारे अॅक्रिलामाइड तयार होते. अन्नात ते तयार होते हे 2002 मध्ये स्वीडनमधील संशोधकांनी दाखवून दिले. म्हणून बटाटे अंधाऱ्या, थंडगार पण फ्रिजइतक्या थंड नसलेल्या, हवेशीर जागी ठेवावेत आणि भाजताना रंग सोनेरी झाला की थांबावे. गडद तपकिरी कडांनी चव वाढत नाही, त्या कडवट लागतात.

सगळे जेवायला बसेपर्यंत बटाटे झाकून ठेवले तर चालतील का?

झाकू नयेत. गरम बटाट्यातून वाफ निघतच असते आणि झाकणाखाली ती पाच मिनिटांत कुरकुरीत थर मऊ करते. थांबावे लागणार असेल तर ट्रे 100 अंशांच्या ओव्हनमध्ये दार किंचित उघडे ठेवून राहू द्यावा. त्यात ते 15-20 मिनिटे तसेच राहतात. वाढताना पसरट ताटात एका थरात मांडावेत. घट्ट दही किंवा कोणतीही पातळसर चटणी सोबत द्यायची असेल तर ती वेगळ्या वाटीत द्यावी आणि मीठ ताट समोर ठेवण्याच्या क्षणी भुरभुरावे.